शिळ्या पावाचा गावाकडचा केक: आपल्या लादी पावाला दूध किती?

कराडच्या एका ताईंनी विचारलं आहे. त्यांची सून दोन वर्षं मिलानजवळ राहून आली आणि येताना तिथल्या शेजारीणबाईंकडून शिळ्या पावाच्या केकची कृती लिहून घेऊन आली. 300 ग्रॅम शिळा पाव, 1 लिटर दूध, कोको, बेदाणे, बदामाची कडसर बिस्किटं. ताईंनी आदल्या दिवशीचा लादी पाव घेतला, गरम दुधात भिजवला, मिक्सरमधून फिरवला आणि 180 अंशांवर 40 मिनिटं भाजला. वरून काळपट झाला, कापला तर आत गिळगिळीत शिरा. त्या विचारतात: चूक पावाची की ओव्हनची? बेकिंग पावडर घालावी का? घरात अंडं चालत नाही, तर काय करावं? विट्याच्या बहिणीकडे ओव्हनच नाही, तिनं कसा करावा? आणि शेवटी लिहितात, "शिळ्या पावाचा म्हटल्यावर सासूबाईंनी हातही लावला नाही."

ताई, चूक पावाचीही नाही आणि ओव्हनचीही फारशी नाही. कृती त्यांच्या पावाची होती, पाव आपला होता. मिरजेत आमच्या बेकरीत मी सत्तावीस वर्षं उभी आहे. हा केक पहिल्यांदा केला तेव्हा माझाही असाच झाला होता, म्हणून जरा सविस्तर सांगते.

आधी हा पदार्थ मुळात काय आहे ते बघू. मिलानच्या उत्तरेला ब्रियांझा नावाचा भाग आहे, तिथं याला 'तोर्ता पाएझाना' म्हणतात. पाएझे म्हणजे गाव, म्हणजे शब्दशः गावाकडचा केक. तिथून वर स्वित्झर्लंडच्या इटालियन बोलणाऱ्या तिचिनो प्रांतात हाच केक थोड्या फरकानं होतो, त्याला 'तोर्ता दी पाने', म्हणजे नुसतं पावाचा केक, म्हणतात. माझी पुतणी तिथल्या लुगानो शहरात होती. तिच्या घरमालकीणबाई हा केक करत, त्यांच्याकडून तो आमच्या घरात आला. दोन्हीकडे पाया एकच: उरलेला, वाळून कडक झालेला पाव, दूध आणि घरात असेल ते गोड. बेदाणे ग्राप्पा नावाच्या द्राक्षाच्या दारूत भिजवतात, वरून चिलगोजे पेरतात, आणि 'अमारेत्ती' नावाची बदामाची बिस्किटं चुरून घालतात. अमारो म्हणजे कडू, त्यावरून ते नाव. प्रत्येक घराचं प्रमाण वेगळं. कुणी अंडी घालतं, कुणी घालत नाही. आपल्याकडे दोन घरांची आमटी कधी एकसारखी लागते का? तसंच.

म्हणजे हा स्पंज केक नाही. यात ताजा मैदा नाही, फुगणारं काही नाही, फुगावं अशी अपेक्षाही नाही. ताटात पडतो तो ओलसर, जड, वडीसारखा कापता येणारा तुकडा. म्हणून बेकिंग पावडरचं उत्तर इथंच देऊन टाकते: घालू नका, आणि इनोही नको. भिजलेल्या पावात हवेचे बुडबुडे धरून ठेवायची ताकद राहिलेली नसते. पावडर घातली की केक ओव्हनमध्ये थोडा वर येतो, बाहेर काढला की मधोमध बसतो आणि तोंडात सोड्याची चव राहते.

आता पाव. पाव शिळा होतो म्हणजे सुकतो, असं बहुतेकांना वाटतं. ते अर्धंच खरं आहे. झां-बातिस्त बूसँगो या फ्रेंच शास्त्रज्ञानं 1852 मध्ये दाखवलं, की हवाबंद ठेवलेला, पाणी अजिबात न गमावलेला पावसुद्धा शिळा होतो, आणि तोच पाव पुन्हा गरम केला की मऊ होतो. पीठ भाजताना त्यातला स्टार्च पाणी पिऊन फुगतो. थंड झाल्यावर तोच स्टार्च हळूहळू पुन्हा घट्ट रचला जातो आणि पाव कडक लागतो. फ्रिजच्या थंडीत हे सगळ्यात वेगानं होतं. म्हणून पाव फ्रिजमध्ये ठेवला की दुसऱ्या दिवशी कोरडा लागतो, तर फ्रीझरमध्ये गोठवला की ही क्रिया जवळपास थांबते. हे आपल्याला नवीन नाही. रात्रीचा भात सकाळी कडक आणि मोकळा झालेला असतो, म्हणून तर फोडणीचा भात शिळ्या भाताचाच चांगला होतो. ताज्या भाताचा केला तर गोळा होतो.

पावाचंही अगदी तसंच आहे. शिळा पाव दूध पितो आणि तरी धरून राहतो. ताजा पाव दूध पिऊन विरघळतो. तुमचा पाव आदल्या दिवशीचा होता, आणि लादी पाव एका दिवसात फारसा शिळा होत नाही, कारण तो एकमेकांना चिकटून भाजलेला असतो. त्याच्या चारही बाजू मऊ राहतात, कडक कवच फक्त वर आणि खाली, तेही पातळ. इटालियन पावाला चहूबाजूंनी जाड कवच असतं आणि तो दोन-तीन दिवसांत काठीसारखा वाळतो.

दुसरी गोष्ट पाण्याची. ताज्या पावाच्या वजनात एक तृतीयांशाहून जास्त पाणी असतं. तुम्ही 300 ग्रॅम मऊ पाव घेतलात, म्हणजे त्यात शंभर ग्रॅमच्या वर पाणी आधीच होतं. त्या शेजारीणबाईंचा 300 ग्रॅम पाव खडखडीत वाळलेला होता, त्यात पाणी जेमतेम. म्हणजे तुमच्या भांड्यात खरा पाव कमी आणि ओल जास्त गेली. त्यावर पूर्ण लिटर दूध. शिरा होणारच होता.

म्हणून माझं पहिलं सांगणं हे, की दूध कागद बघून ओतू नका, पाव बघून ओता. लादी पाव वाळवून मग वजन करा, आणि 300 ग्रॅम वाळलेल्या पावाला आधी 700 मिलि दूध घाला. आणखी 100 मिलि बाजूला ठेवा, लागलं तरच. आपल्या भागात म्हशीचं दूध घट्ट मिळतं, ते आहे तसं वापरा, साय काढू नका.

वाळवण्याचंही गावागावावर आहे. जत, आटपाडी, माण, खटाव या कोरड्या पट्ट्यात पाव तोडून ताटात पसरला, वर पातळ कापड टाकलं की एका दिवसात टणक होतो. महाबळेश्वर, पाटण, कोयनेकडे पावसाळ्यात मात्र तो वाळत नाही, बुरशी धरतो. तिथं पाव आणला त्याच दिवशी तुकडे करून 100 अंशांवर अर्धा तास ओव्हनमध्ये ठेवावा, नाहीतर तव्यावर मंद आचेवर उलटपालट करावा. रंग येऊ द्यायचा नाही, नुसता वाळवायचा.

इथं एक गोष्ट अगदी कळकळीनं सांगते, कारण बेकरीच्या गल्ल्यावर बसून मी हा प्रश्न शेकडो वेळा ऐकलाय: "थोडीशी बुरशी आहे, तेवढी काढून टाकली तर चालेल ना?" नाही चालत. पाव जाळीदार असतो. वर जो हिरवा किंवा पांढरा ठिपका दिसतो, त्याचे तंतू आत पसरलेले असतात आणि ते डोळ्यांना दिसत नाहीत. भाजल्यानं बुरशी मरते, पण काही बुरशींनी तयार केलेलं विष भाजूनही जात नाही. एका पावाला बुरशी दिसली तर त्या पिशवीतला सगळा पाव टाकून द्या. दुसरी खूण उन्हाळ्यातली आहे. एप्रिल-मेमध्ये कधीकधी पाव बाहेरून चांगला दिसतो, पण तोडला की पिकलेल्या खरबुजासारखा गोडसर वास येतो आणि आतल्या गराला बारीक चिकट तार सुटते. तो जिवाणूंमुळे बिघडलेला असतो. त्यांचे बीजाणू भट्टीच्या तापातूनही वाचतात, कारण पावाचं पोट शंभर अंशांच्या वर कधी जातच नाही. असा पाव जनावरांनाही घालू नका. शिळं वेगळं आणि नासलेलं वेगळं.

सासूबाईंचं उत्तर मी इथंच देते. त्यांचा आक्षेप मला चुकीचा वाटत नाही. पाहुण्यांपुढे शिळं ठेवू नये, नैवेद्याला शिळं चालत नाही, हे संस्कार अन्न नासतं या अनुभवातून आले आहेत. पण सातारा-सांगलीच्या कुठल्या घरात न्याहारीला शिळ्या भाकरीचा कुस्करा झाला नाही? भाकरी कुस्करायची, वर दूध आणि गूळ. चपात्या उरल्या की गूळ-तूप घालून मलिदा किंवा लाडू. शीतलासप्तमीला तर आदल्या दिवशी रांधलेलंच खातात. सासूबाईंना केक म्हणून देऊ नका, आधी कृती सांगा: वाळवलेला पाव, दोन तास दुधात भिजवलेला, गूळ, वेलची, बेदाणे, तूप, आणि भट्टीत भाजलेला. त्यांच्या ओळखीचाच पदार्थ आहे हा. माझ्या सासूबाईंनी पहिला घास घेतला आणि म्हणाल्या, "हा तर भाजलेला कुस्करा." आमच्या घरात तेच नाव पडलं आहे.

बेकरीवालेसुद्धा पिढ्यान्‌पिढ्या हेच करत आले आहेत. टोस्ट म्हणजे दुसरं काय? भाजलेल्या पावाचे काप पुन्हा भट्टीत घालून वाळवलेले. आमच्या जुन्या लाकडाच्या भट्टीत पहाटे पावाच्या लाद्या निघाल्या की ताव उतरू लागायचा, आणि त्या उतरत्या तावात टोस्टचे पत्रे जायचे. दिवाळीच्या आधी बायका डब्यात मैदा, तूप, पिठीसाखर घेऊन यायच्या, मजुरी देऊन नानकटाई भाजून न्यायच्या, तीही मंद तावातच. हा केकही त्याच जातीचा आहे. त्याला मोठा ताव सोसत नाही, लांब वेळ हवा असतो. तुमच्या जवळच्या बेकरीत अजून लाकडाची भट्टी असेल आणि मालक तयार असतील, तर पाव निघाल्यावर तुमचा डबा तासभर आत ठेवायला सांगून बघा. तसा केक ओव्हनमध्ये होत नाही.

आता सामान. हे प्रमाण नऊ इंची गोल डब्यासाठी आहे. वाळवलेला लादी पाव 300 ग्रॅम. म्हशीचं दूध 700 मिलि, वर लागलं तर 100. चिरलेला गूळ 130 ग्रॅम किंवा साखर 110. बिनसाखरेची कोको पावडर 50 ग्रॅम. ड्रिंकिंग चॉकलेट नको, त्यात बरीचशी साखरच असते आणि रंगही फिका येतो. बेदाणे 100 ग्रॅम. अमारेत्तीच्या जागी 60 ग्रॅम साधी नानकटाई आणि 50 ग्रॅम कोरडे भाजून जाडसर कुटलेले बदाम. तूप 40 ग्रॅम. वेलची अर्धा चमचा, जायफळ चिमूटभर, मीठ चिमूटभर. वरून पेरायला 25 ग्रॅम चारोळी. चिलगोजे महाग पडतात, आणि खरं सांगायचं तर चारोळी मला इथं जास्त आवडते, तिचा खमंगपणा दुधाशी जुळतो. अमारेत्तीची कडसर चव यावी म्हणून काही जणी जर्दाळूच्या आठळीतला कडू गर घालतात. तो घालू नका. कडू गरातून पोटात सायनाइड तयार होतं, आणि घरात ते मोजता येत नाही. कडूपणाचं काम कोको करतो.

बेदाण्यांबद्दल दोन शब्द, कारण ते आपले आहेत. सांगलीच्या बेदाण्याला 2016 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. तासगाव, कवठेमहांकाळ, मिरज भागात फेब्रुवारीपासून शेडवर द्राक्षं वाळत घातलेली दिसतात. साधारण चार किलो द्राक्षांचा एक किलो बेदाणा होतो. द्राक्षं लवकर वाळावीत म्हणून ती आधी एका द्रावणात बुडवतात, आणि पिवळा रंग टिकावा म्हणून बऱ्याचदा गंधकाची धुरीही देतात. म्हणून बेदाणे कोमट पाण्यात दोनदा चोळून धुवा आणि मगच भिजत घाला. ग्राप्पाच्या जागी मी काळ्या द्राक्षांचा रस घेते, हंगाम नसेल तर संत्र्याचा. अर्धी वाटी रस कोमट करून त्यात तासभर. फुगले की निथळून घ्या. उरलेला रस पिऊन टाका, केकमध्ये ओतू नका, कारण तुमचा मूळ त्रास ओलीचाच आहे. आंबट रसानं दूधही फाटतं.

आणि गूळ. इथं माझ्या हातून चार लिटर दूध गेलं आहे. एका ऑर्डरसाठी मी घाईत उकळत्या दुधातच गूळ टाकला आणि दोन मिनिटांत सगळं फाटलं. गुळात थोडी आंबटाई आणि क्षार असतात, आणि उकळत्या दुधाला ते सोसत नाही. बासुंदीत साखर चालते, गूळ चालत नाही, तेच कारण. त्यामुळे क्रम असा: दूध उकळा, पावावर ओता, झाका. पाव-दूध कोमट झालं, बोट सहज बुडवता येईल इतकं, की मगच गूळ. कराडकडे गुऱ्हाळाचा गूळ मिळतो, तो रंगानं गडद असला तर जास्त चांगला, कोकोबरोबर त्याला काकवीसारखा वास येतो. खडे किंवा उसाच्या चिपाडाचे कण असतील तर दोन-तीन चमचे गरम पाण्यात वितळवून गाळा आणि गार करून घाला.

आता भिजवणं, ज्यात सगळ्यात जास्त घाई होते. पावाचे तुकडे मोठ्या पातेल्यात घ्या, वर उकळतं दूध ओता, ताट झाका आणि किमान दोन तास विसरून जा. रात्रभर ठेवायचं असेल तर गार झाल्यावर फ्रिजमध्ये ठेवा. वाळलेल्या तुकड्याच्या मध्यापर्यंत दूध पोचायला वेळ लागतो. मग हातानं कुस्करा, मिक्सरमध्ये घालू नका. पावातला स्टार्च आधीच शिजलेला असतो. पात्यानं तो फुटला की त्याची चिकट खळ होते, आणि ती खळ कितीही भाजली तरी मोकळी होत नाही. तुमच्या केकचा गिळगिळीतपणा निम्मा त्या मिक्सरमुळे होता. हातानं कुस्करताना मधेमधे वाटाण्याएवढे तुकडे राहिले तर राहू द्या, भाजल्यावर तेच खाताना जाणवतात.

कुस्करलेला लगदा कसा दिसायला हवा? थालीपीठाच्या भिजवलेल्या पिठापेक्षा सैल आणि इडलीच्या पिठापेक्षा घट्ट. चमच्यानं उचलला तर धार लागू नये, भदकन पडावा. घट्ट वाटला तर राखून ठेवलेलं दूध थोडं थोडं घाला. सैल झाला असेल तर आणखी वाळलेला पाव कुटून त्याचा चुरा मिसळा आणि अर्धा तास थांबा. बारीक रवाही चालतो.

अंडं चालत असेल तर दोन अंडी फेटून आता घाला. तुमच्याकडे चालत नाही, तर 40 ग्रॅम बारीक रवा तुपात गुलाबी भाजून, गार करून मिसळा. रवा उरलेली ओल धरून ठेवतो आणि केकला बांधतो. अंड्याचा केक थोडा मऊ, खरवसासारखा लागतो, रव्याचा थोडा दाणेदार. आमच्या सांगली भागात जैन घरं बरीच आहेत. बेकरीतून मी रव्याचाच देते, आणि मला तोच जास्त आवडतो. मग कोको चाळून घाला, नाहीतर गाठी राहतात. त्यानंतर नानकटाईचा चुरा, बदाम, वेलची, जायफळ, मीठ, वितळलेलं तूप आणि शेवटी बेदाणे.

डब्याला तूप लावून त्यावर पावाचाच कोरडा चुरा भुरभुरवा. लगदा ओता, वरून सारखा करा, उंची साधारण दीड इंच. त्याहून जास्त झाला तर मध्यापर्यंत ताप पोचत नाही. वर आलेले बेदाणे चमच्यानं आत ढकला, वर राहिले तर करपून कडू होतात. चारोळी पेरा.

भाजणं 170 अंशांवर, 65 ते 75 मिनिटं. तुमची 40 मिनिटं फार कमी होती. फुगलेल्या केकमध्ये हवेची पोकळी असते. इथं सगळा डबा ओल्या लगद्यानं भरलेला असतो आणि ताप कडेकडून मध्याकडे अगदी सावकाश सरकतो. वरून काळपट का झाला, तेही त्यातच आहे. घरगुती छोट्या ओव्हनमध्ये वरची कांडी डब्याच्या फार जवळ येते. डबा सगळ्यात खालच्या जाळीवर ठेवा, पहिली 50 मिनिटं फक्त खालची कांडी चालू ठेवा आणि शेवटी दोन्ही. तरी रंग लवकर चढू लागला तर वर फॉइलचा कागद सैल टाका.

झाला की नाही, हे सुरीवरून ठरवू नका. या केकमधून सुरी कोरडी निघतच नाही, आणि ती कोरडी निघेपर्यंत थांबलात तर केकची वीट होते. कडा डब्यापासून सुटल्या का बघा. मधोमध बोटानं दाबल्यावर तो दबून पुन्हा वर आला, ओला ठसा राहिला नाही, की झाला. स्वयंपाकाचा थर्मामीटर असेल तर मध्यात 90 ते 95 अंश.

आणि आता लगेच कापू नका. तुम्ही गरमच कापलात, असं माझं अनुमान आहे. गरम असताना आतला स्टार्च सैल असतो. गार होताना तो पुन्हा घट्ट रचला जातो आणि तेव्हा कुठे केक उभा राहतो. ज्या क्रियेनं पाव शिळा झाला, तीच क्रिया आता तुमच्या बाजूनं काम करते. म्हणून संध्याकाळी भाजा, डब्यातच गार होऊ द्या, झाका, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी कापा. पहिल्या रात्रीपेक्षा दुसऱ्या दिवशी त्याची चवही जास्त चांगली लागते, कोको आणि गूळ एकमेकांत मुरतात. थंडीत दोन दिवस बाहेर राहतो. उन्हाळ्यात गार झाला की लगेच फ्रिजमध्ये ठेवा, चार-पाच दिवस चांगला राहतो. यात दूध आहे, हे विसरू नका. फ्रिजमधला तुकडा तव्यावर तूप सोडून दोन्ही बाजूंनी परतला तर वरून कुरकुरीत, आत मऊ होतो. पोरं तसाच मागतात.

विट्याच्या ताईंसाठी. जाड बुडाची कढई किंवा जुना कुकर घ्या, रोज वापरातला नको, कोरड्या तापानं त्याचा रंग जातो. कुकर असेल तर झाकणाचं रबर आणि शिट्टी दोन्ही काढायची, हे नक्की लक्षात ठेवा, आणि आत पाणी घालायचं नाही. बुडाशी अर्धा इंच जाड मीठ किंवा धुऊन वाळवलेली वाळू, त्यावर तिवई. मध्यम आचेवर दहा मिनिटं तापवा. वरचं सगळं प्रमाण निम्मं करा, सात इंची डब्यात ओता, फॉइलनं सैल झाका, म्हणजे झाकणावरचं घामाचं पाणी केकवर टपकणार नाही. डबा ठेवून आच अगदी बारीक करा. अर्ध्या तासानं फॉइल काढा, आणखी 20 ते 25 मिनिटं ठेवा. वरून रंग येणार नाही, पण कोकोमुळे ते दिसतही नाही. चारोळी मात्र आधी कोरडी भाजून घ्यावी लागेल.

टोस्ट किंवा बटर उरले असतील तर तेही चालतात. ते पूर्ण वाळलेलेच असतात, म्हणून 300 ग्रॅमला पूर्ण लिटर दूध घ्या. टोस्टमध्ये साखर आधीच असते, तेव्हा गूळ 80 ग्रॅमवर आणा. खारी नको, तिच्यातलं तूप वेगळं सुटतं. पॅकबंद स्लाइस ब्रेड चालतो, पण तो बुरशी थांबवणाऱ्या पदार्थामुळे उशिरा बिघडतो आणि सावकाश वाळतो, त्याला दोन दिवस उघड्यावर ठेवा. ब्राउन ब्रेडनं चव चांगली येते, दूध थोडं जास्त लागतं.

या वेळी तुम्ही असं करा. गुरुवारी दोन लाद्या आणा, तोडून ताटात पसरा. शनिवारी दुपारपर्यंत वाळल्या की वजन करा, 300 ग्रॅमपेक्षा जास्त भरला तर उरलेला चुरा करून डबीत ठेवा, डब्याला लावायला होईल. दुपारी दोनला दूध ओता, पाचला मिसळा, सहाला ओव्हनमध्ये. रविवारी सकाळच्या चहाला कापा, आणि पहिला तुकडा सासूबाईंच्या ताटलीत ठेवा.